रोमच्या जमिनीखाली : सान कालिस्तो ते सान्ता प्रास्सेदे

पहिली गोष्ट : ही सहल बुधवारी ठरवू नका. सान कालिस्तोचे कॅटाकोंब, म्हणजे भुयारी दफनभूमी, बुधवारी बंद असते. दोमितिल्लाची मंगळवारी बंद, सान सेबास्तियानोची रविवारी बंद, आणि रविवारी सकाळी सान क्लेमेंते चर्चच्या तळघरात पर्यटकांना सोडत नाहीत. शिवाय रोममधली बरीच छोटी चर्चेस दुपारी बाराच्या सुमारास दारं लावून घेतात, ती तीन-चारलाच उघडतात. हे सगळं जुळवता जुळवता नाकी नऊ आले, तेव्हा नवरा म्हणाला, "सरळ गाईडवाली टूर घेऊ. पैसे जातील, पण डोकं तरी शांत राहील." पैसे गेले, चांगलेच गेले. तरी वसूल झाले असं मी म्हणेन. यातलं तुमचं तुम्हाला काय जमेल, तेही ओघात सांगते.

आम्ही तिघं होतो : मी, नवरा आणि सासूबाई. छोटी व्हॅन, गट लहान, आणि गाईड पुरातत्त्व शिकलेली एक तरुण मुलगी. गटात वसईचं एक जोडपं निघालं. मग काय, व्हॅन आप्पिया रस्त्याला लागेपर्यंत सासूबाईंना त्यांची सोयरीक कुठे कुठे आहे ते पाठ झालं होतं.

व्हिया आप्पिया हा इ.स.पूर्व ३१२ मध्ये बांधायला घेतलेला रस्ता. त्याच्या कडेला दफनभूमी का, याचं कारण साधं आहे. रोमन कायद्याने शहराच्या हद्दीत प्रेत पुरायला किंवा जाळायला बंदी होती, म्हणून सगळी थडगी वेशीबाहेर रस्त्यालगत. ख्रिस्ती लोक प्रेत जाळत नसत, पुरत. जमीन महाग. पण खाली तूफो नावाचा ज्वालामुखीचा दगड, जो खोदताना मऊ लागतो आणि हवा लागली की कडक होतो. मग आडवं पसरण्याऐवजी ते खाली खाली गेले. सान कालिस्तोमध्ये चार मजले आणि सुमारे २० किलोमीटर लांबीची भुयारं आहेत. पर्यटकांना त्यातला अगदी थोडा भाग दाखवतात, तोही सोबत मार्गदर्शक असेल तरच. एकट्याने आत फिरायची मुभाच नाही, आणि आत गेल्यावर कळतं की नाही तेच बरं.

छळाच्या काळात ख्रिस्ती लोक इथे लपून राहत, ही गोष्ट आपण सगळ्यांनी कुठे ना कुठे ऐकलेली असते. गाईडने ती व्हॅनमध्येच निकालात काढली. ही दफनभूमी कुठे आहे ते सरकारला चांगलं ठाऊक होतं. लपायला कोण येईल अशा ठिकाणी? लोक यायचे ते पुरायला, आणि वर्षश्राद्धासारखं जेवण करून मेलेल्यांची आठवण काढायला. मात्र इ.स. २५७ मध्ये सम्राट व्हॅलेरियनने अशा दफनभूमींत जमायलाच बंदी घातली, आणि पुढच्या वर्षी दुसरा सिक्स्टस हा पोप इथेच पकडला जाऊन मारला गेला.

ज्याच्या नावाने ही जागा ओळखली जाते तो कालिस्तस मूळचा गुलाम. मालकाचा पैसा सांभाळताना दिवाळं काढलं, सार्डिनियाच्या खाणीत सक्तमजुरी भोगली, परत आला, तिसऱ्या शतकाच्या सुरुवातीला या दफनभूमीचा व्यवस्थापक झाला आणि २१७ मध्ये थेट पोप. ही हकिकत त्याचा कट्टर विरोधक हिप्पोलितस याने लिहून ठेवली आहे, तेव्हा तिखटमीठ असणारच. पण गुलामाने तिथवर जाणं त्या काळी शक्य होतं, हे तर खरंच.

जिना उतरलात की आधी गारवा अंगावर येतो. बाहेर कितीही ऊन असो, खाली पंधरा-सोळा अंशच असतं. शाल किंवा पातळ स्वेटर जवळ ठेवाच. बोळ इतके अरुंद की समोरून दुसरा गट आला तर भिंतीला चिकटून उभं राहावं लागतं. दोन्ही बाजूंना एकावर एक आडवे कोनाडे, जमिनीपासून छतापर्यंत. एकेका कोनाड्यात एक प्रेत, कापडात गुंडाळलेलं, तोंडाला संगमरवराची फरशी किंवा साध्या विटा. आता बहुतेक कोनाडे उघडे आणि रिकामे आहेत. मला सगळ्यात लागलं ते कोनाड्यांचं माप. माझ्या कोपरापासून बोटांपर्यंत जेवढी लांबी, तेवढेच कितीतरी. तान्ह्या बाळांचे. गाईड काही बोलली नाही, आम्हीही नाही.

पोपांची समाधी-खोली १८५४ मध्ये पुरातत्त्वज्ञ जोव्हान्नी बात्तिस्ता दे रॉस्सी यांनी शोधून काढली. तिसऱ्या शतकातले नऊ पोप इथे पुरले होते. काही मूळ शिलालेख भिंतीवर बसवले आहेत, आणि रोममध्ये असूनही ते ग्रीकमध्ये आहेत, कारण इथल्या पहिल्या ख्रिस्ती लोकांची बोली तीच. पोप फाबियनचा दगड नीट बघा. २५० मध्ये सम्राट डेशियसच्या छळात तो मेला. त्याच्या नावापुढची 'रक्तसाक्षी' (धर्मासाठी प्राण दिलेला) अशा अर्थाची अक्षरं इतर अक्षरांपेक्षा उथळ कोरलेली दिसतात, म्हणजे ती मागाहून घातली. वसईच्या काकू म्हणाल्या, "आमच्याकडचेही एक आहेत, संत गोन्सालो गार्सिया. १५९७ ला नागासाकीला क्रूसावर दिले त्यांना. संत म्हणून जाहीर व्हायला १८६२ उजाडलं, तेही इथे रोममध्येच." बाजूच्या खोलीत मानेवर वार होऊन रक्तसाक्षी झालेल्या संत सिसिलियाची पडलेली मूर्ती आहे. ती नक्कल, स्तेफानो मादेर्नोने १६०० मध्ये घडवलेली मूळ मूर्ती त्रास्तेव्हेरे भागातल्या तिच्या चर्चमध्ये आहे. मानेवरचा घाव दाखवायला मार्गदर्शक टॉर्च मारतात, तेव्हा पुढे उभे राहा.

चित्रांबद्दल थोडं सविस्तर, कारण उरलेल्या दिवसाची किल्ली तिथेच आहे. क्रूसावरचा येशू इथे शोधून सापडत नाही. दिसतात ते मासा, जहाजाचा नांगर, कबूतर, माशाच्या पोटातून बाहेर पडणारा योना, आणि मेंढपाळ. कोवळा, बिनदाढीचा, आखूड अंगरखा, खांद्यावर मेंढरू आडवं टाकलेलं. सासूबाई बघून म्हणाल्या, "हा तर आपल्या माणदेशातला धनगर गं." खरंच तसाच. ही आकृती ख्रिस्ती लोकांनी शोधलेली नाही, रोमन कलेत ती आधीपासून होती. ज्यांच्या हातात सत्ता नाही, पैसा बेताचा, त्यांनी ओळखीचं चित्र उचललं आणि त्याला आपला अर्थ दिला : हा मेंढपाळ म्हणजे येशू. हा चेहरा लक्षात ठेवा, दुपारी त्याची गरज पडते. आत फोटो काढू देत नाहीत, त्यामुळे डोळ्यांनीच टिपून घ्या.

वर आल्यावर पहिला नळ दिसला तिथे सासूबाईंनी चप्पल काढली आणि हात-पाय धुतले. "स्मशानातून आलोय, तसंच कसं पुढे जायचं?" इटालियन गाईडला मी कारण सांगितलं, तर तिनेही मुकाट्याने हात धुतले. रोमच्या रस्त्यांवरचे हे लोखंडी नळ अखंड वाहतात आणि पाणी पिण्याचं असतं. बाटली जवळ ठेवलीत तर पाण्यावर एक युरोही खर्च होत नाही.

परतीच्या वाटेवर 'क्वो व्हादिस'चं छोटं चर्च लागतं. नीरोच्या छळातून पळून जाणाऱ्या पेत्राला, म्हणजे येशूच्या पट्टशिष्याला, इथे येशू भेटला आणि पेत्राने त्याला 'क्वो व्हादिस', म्हणजे 'कुठे चाललात', असं विचारलं अशी आख्यायिका आहे. संगमरवरावर येशूची दोन पावलं उमटलेली दाखवतात, तीही नक्कलच. मूळ दगड सान सेबास्तियानोत. पाच मिनिटं पुरे.

सान क्लेमेंते मात्र घाईत करू नका. कलोसियमपासून चालत दहा मिनिटांवर हे चर्च आहे आणि १६७७ पासून आयर्लंडच्या डॉमिनिकन पंथाच्या धर्मगुरूंकडे आहे. रस्त्याच्या पातळीवर बाराव्या शतकातलं चर्च. या डॉमिनिकनांपैकी फादर जोसेफ मलूली यांनी १८५७ मध्ये खाली खणायला सुरुवात केली, तर चौथ्या शतकातलं अख्खं चर्च निघालं. त्याच्याही खाली पहिल्या शतकातल्या इमारती, गल्ली, आणि मिथ्र देवाचं देऊळ. गुहेसारखं बुटकं छत, दोन्ही बाजूंना बसायला दगडी ओटे, मधोमध बैल मारणाऱ्या मिथ्राची वेदी. म्हणजे एकेकाळी एकीकडे ख्रिस्ती आणि हाकेच्या अंतरावर मिथ्राचे भक्त, दोघेही बंद खोलीत जेवणाचा विधी करणारे. शेवटी कोण टिकलं ते आपल्याला माहीत आहे, तेव्हा त्यांना माहीत नव्हतं.

सर्वांत खालच्या मजल्यावर भिंतीपलीकडून पाणी वाहिल्याचा आवाज येतो. पूर्वी हा मजला पाण्याखालीच असे. १९१२ ते १९१४ मध्ये जवळपास ७०० मीटरचा बोगदा खणून ते पाणी प्राचीन रोमच्या मुख्य गटारात सोडलं, तेव्हा कुठे जागा कोरडी झाली.

मधल्या मजल्यावर अकराव्या शतकाच्या अखेरचं एक भित्तिचित्र आहे. संत क्लेमेंतला पकडून न्यायला आलेला सिसिन्नियस नोकरांवर खेकसतो आहे, आणि नोकर क्लेमेंत समजून एक खांब ओढताहेत. पात्रांचे संवाद त्यांच्या शेजारीच लिहिले आहेत, आणि सिसिन्नियस व नोकरांचे संवाद लॅटिनमध्ये नसून लोकांच्या बोलीत आहेत. इटालियनच्या अगदी जुन्या नमुन्यांमध्ये त्याची गणना होते. पहिलाच शब्द शिवी. आपल्याकडे 'रांडेच्या'ने सुरू होते तीच. चर्चच्या भिंतीवर! सासूबाईंना मी भाषांतर सांगितलं नाही, नवऱ्याने सांगितलं.

इथले जिने ओलसर आहेत. चामड्याच्या गुळगुळीत तळव्याचे बूट नकोत. गुडघे दुखत असतील तर वरच्या चर्चमधला मोझॅक, म्हणजे रंगीत तुकडे जडवून केलेलं चित्र, बघत बसण्यातही नुकसान नाही. वरचा भाग फुकट आहे, तिकीट फक्त खाली उतरायचं. कॅटाकोंब आणि हे, दोन्हींचं तिकीट माणशी दहा युरोंच्या आसपास. सान क्लेमेंतेचं आधी ऑनलाइन काढून ठेवा.

जेवणाबद्दल शाकाहाऱ्यांना एकच सांगते : दुकानात 'सुप्ली' नावाचे तळलेले भाताचे गोळे दिसतील, निष्पाप वाटतात, पण पारंपरिक सुप्लीत खिमा असतो. विचारून घ्या. मार्गेरिता पिझ्झाचा तुकडा वजनावर मिळतो, तो बरा. जी मंडळी फार कडक असतील त्यांनी पेकोरिनो चीजही टाळावं, ते कोकराच्या पोटातल्या रेनेटने विरजतात.

दुपारी सान्ता पुदेन्त्सियाना. तेर्मिनी स्टेशनपासून चालत जाता येतं. चर्च आता रस्त्याच्या पातळीखाली गेलं आहे, पायऱ्या उतरून आत जायचं. रोममधल्या फिलिपिनो लोकांचं हे चर्च, त्यामुळे सूचनाफलकांवर त्यांचे कार्यक्रम. आणि समोर, वेदीच्या मागच्या अर्धघुमटात, इ.स. ४०० च्या सुमाराचा मोझॅक. इथे तो मेंढपाळ आठवा. आता त्याला दाढी आहे, अंगावर सोनेरी वस्त्र आहे आणि तो रत्नजडित सिंहासनावर बसला आहे. दोन्ही बाजूंना प्रेषित, म्हणजे येशूचे पट्टशिष्य, रोमच्या सिनेटरांसारखे तोगा घालून. मागे जेरुसलेमच्या इमारती आणि टेकडीवर हिऱ्या-माणकांचा क्रूस. मधल्या काळात काय झालं? ३१२ मध्ये सम्राट कॉन्स्टंटाइन मिल्व्हियन पुलावरची लढाई जिंकला, पुढच्या वर्षी ख्रिस्ती धर्माला मोकळीक मिळाली, आणि शतक संपायच्या आत तो साम्राज्याचा अधिकृत धर्म झाला. पुस्तकात हे दहादा वाचलं होतं. सकाळी ते चित्र आणि दुपारी हे चित्र पाहिल्यावर दुसरं काही सांगावं लागलं नाही. सोळाव्या शतकातल्या दुरुस्तीत मोझॅकच्या कडा कापल्या गेल्या, त्यात बारापैकी दोन प्रेषित गेले. मोजून बघा, दहाच उरलेत.

म्हणूनच म्हणते, क्रम उलटा करू नका. काही कंपन्या गर्दी टाळायला कॅटाकोंब दुपारी ठेवतात. आरक्षण करताना विचारा.

तिथून पाच मिनिटांवर सान्ता प्रास्सेदे. हे नवव्या शतकातलं, पहिला पास्काल या पोपने बांधलेलं. कॅटाकोंबमधले कोनाडे रिकामे का, याचं एक उत्तर इथे मिळतं : वेशीबाहेरच्या दफनभूमींची पडझड होत होती, तेव्हा पास्कालने सुमारे २३०० रक्तसाक्षींच्या अस्थी शहरात आणून या चर्चमध्ये ठेवल्याचं इथला शिलालेख सांगतो. सान झेनोच्या चिमुकल्या देवळीत पास्कालच्या आईचं, थिओडोराचं, चित्र आहे. तिच्या डोक्यामागचं तेजोवलय चौकोनी आहे, म्हणजे चित्र काढलं तेव्हा ती हयात होती. दिवा लावायला यंत्रात नाणं टाकावं लागतं. सुटी नाणी ठेवा, नाहीतर दुसऱ्याच्या उजेडाची वाट बघत बसावं लागतं.

पुदेन्त्सियाना आणि प्रास्सेदे तुमचे तुम्ही आरामात करू शकता, दोन्ही फुकट. खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत, सलवार-कुर्त्याला कुणी अडवत नाही. गाईडचे पैसे खरे सार्थकी लागतात ते सान क्लेमेंतेमध्ये, आणि आप्पियावर जायच्या-यायच्या सोयीत. ११८ नंबरची बस तिकडे जाते, पण तिच्या भरवशावर कॅटाकोंबची ठरलेली वेळ गाठायची म्हणजे जुगार. सान जोव्हान्नीहून सुटणारी २१८ हा दुसरा पर्याय.

आणखी एक संध्याकाळ हाताशी असेल तर आव्हेन्तिनो टेकडीवरच्या सान्ता साबिनाला जा. पाचव्या शतकातलं लाकडी दार अजून शाबूत आहे, मूळच्या २८ पैकी १८ चौकटी उरल्या आहेत. वरच्या डाव्या कोपऱ्यातली चौकट म्हणजे क्रूसावरच्या येशूच्या अगदी पहिल्या चित्रणांपैकी एक, जो सकाळी भुयारात कुठेच दिसत नाही. तिकीट नाही. दार बाहेरच्या व्हरांड्यात आहे, आणि बरेच लोक ते न बघताच सरळ चर्चमध्ये शिरतात.