नोकिया २७०० वर मराठी: चौकोन गेले, जोडाक्षरं आली

जुन्या बटणांच्या नोकिया २७०० वर मराठी वेबपानं वाचायचा माझा खटाटोप चालू आहे. मागच्या नोंदीपर्यंत पान उघडत होतं, पण मराठीच्या जागी नुसते चौकोन. हा २७०० क्लासिक मामांनी २०१० मध्ये दुबईहून आणलेला, त्याच्या फर्मवेअरमध्ये, म्हणजे फोनच्या मूळ सॉफ्टवेअरमध्ये, देवनागरीच नाही.

मांडणी जुनीच आहे. २००९ चा हा फोन आणि आजच्या एचटीटीपीएस साइट्स यांचं जुळत नाही, त्यांना किमान टीएलएस १.२ (मजकूर गुप्त करून पाठवायची पद्धत) लागतं. म्हणून मध्ये भाड्याचा छोटा सर्व्हर ठेवलाय. तो पान आणतो आणि मजकूर तेवढा काढून फोनला साध्या एचटीटीपीवर देतो. ही वाट उघडी असते, मधला कुणीही वाचू शकतो, त्यामुळे या फोनवर लॉगिन कुठेच करायचं नाही. सिम एअरटेलचं, २जी. जिओचं यात चालणारच नाही.

आता मजकुराचं चित्र सर्व्हरवरच बनवतो. ओपेरा मिनी या ब्राउझरच्या कॉन्फिगमध्ये (सेटिंग्जमध्ये) जाऊन बिटमॅप फॉन्ट चालू केला की अक्षरं चित्र होऊन यायची आणि मराठी दिसायची, आठवतं ना? तीच युक्ती. २४० × ३२० चं काळं-पांढरं चित्र म्हणजे ९,६०० बाइट, पीएनजी केल्यावर त्याहून कमी. एजला, म्हणजे २जीच्या इंटरनेटला, एवढं झेपतं.

चाचणीला नागपूरचीच नावं घेतली: विदर्भ, त्रिमूर्तीनगर, सक्करदरा, अंबाझरी. पहिलं चित्र पाहून जीव कळवळला. 'विदर्भ'ची वेलांटी व सोडून द वर गेलेली, रफार गायब, पाय मोडलेला र भ च्या शेजारी उभा. दोन संध्याकाळी मी फॉन्टच बदलत बसलो. फॉन्टचा काही दोष नव्हता! चित्र बनवणारी पायथनची पिलो लायब्ररी जोडाक्षरं रॅक्म या दुसऱ्या लायब्ररीकडून जुळवून घेते, आणि रॅक्मला सर्व्हरवर फ्रिबिडी ही आणखी एक लायब्ररी लागते. ती नव्हती, म्हणून अक्षरं एकेक करून नुसती मांडली जात होती. फ्रिबिडी टाकली आणि 'त्रिमूर्तीनगर' एका झटक्यात सरळ.

तरी ल हिंदी वळणाचा येत होता. मला ते चालत नाही. २००९ च्या शासन निर्णयात पाकळीयुक्त ल आणि देठयुक्त श सांगितलाय, आपण शाळेत गिरवला तोच. मजकुराचं चित्र बनवताना भाषा 'एमआर' (मराठीचा कोड) दिली आणि नोटो सान्स देवनागरी या फॉन्टमधून आपला ल आला. दोन इंची पडद्यावर त्याच्या दोन्ही पाकळ्या स्पष्ट दिसतात.

बॅटरी फुगली होती. बर्डीच्या बाजारात मोदी नंबर ३ या गल्लीत या फोनची बीएल-५सी बॅटरी मिळाली.

राहिलंय ते अनुस्वाराचं. १६ पिक्सेलला 'अंबाझरी'चा टिंब शिरोरेषेला चिकटतो. १८ ला सुटतो, पण ओळी कमी बसतात. आता करड्या रंगाच्या चार छटा वापरून १६ लाच बघतो.