धक्का लागण्यापूर्वीची दहा मिनिटे

न्यूझीलंडमधील क्वीन्सटाउन येथे, वाकाटिपू सरोवरात चालणाऱ्या 'अर्नस्लॉ' या आगबोटीवर मी आगवाल्याचे काम शिकत होतो, त्या हंगामातील हा प्रसंग आहे. ही बोट ड्युनेडिनमध्ये बांधली, मग सुटी करून आगगाडीने सरोवराच्या दक्षिण टोकाला, किंग्स्टनला आणली आणि तेथे पुन्हा जोडून १९१२ साली पाण्यात सोडली. एके काळी काठावरच्या वस्त्यांची माणसे, मेंढ्या आणि लोकरीचे गठ्ठे तिच्यातून जात; आज पर्यटक जातात, पण भट्टीत कोळसा अजूनही फावड्यानेच पडतो. 'आगबोट' हा शब्द रत्नागिरीच्या आजीच्या तोंडून मी लहानपणापासून ऐकला होता. त्यातली आग कशी सांभाळावी लागते, हे मात्र येथे आल्यावर कळले.

तासाला सुमारे एक टन कोळसा लागतो, हे ऐकून लोकांना हे काम केवळ ताकदीचे वाटते. खरी परीक्षा वेळेची असते. ताजा कोळसा पडला की आग आधी थोडी दबते, आणि त्याच्या उष्णतेने पाण्याची वाफ होऊन दाबमापकाचा काटा वर चढायला काही मिनिटे जातात; म्हणजे इंजिनाला आता जी वाफ हवी आहे, तिची तजवीज आपण मघाशीच केलेली असावी लागते. उलट धक्का जवळ आला की आग आधीपासून उतरवावी लागते, नाहीतर इंजिने थांबताच दाब वाढून सुरक्षा झडप उघडते आणि कष्टाने तयार केलेली वाफ हवेत जाते. खाली आम्हांला पाणी दिसत नाही, किनारा दिसत नाही. कप्तानाचा हुकूम टेलिग्राफच्या, म्हणजे वरून इंजिनाच्या खोलीत वेगाचा इशारा पाठवणाऱ्या यंत्राच्या, घंटेवर येतो, आणि इंजिनाच्या आवाजावरून बाकीचे ओळखायचे.

त्या दिवशी सरोवरापलीकडच्या वॉल्टर पीकहून क्वीन्सटाउनला परतताना दक्षिणेचा वारा सुटला होता. दोनपैकी एक बॉयलर माझ्याकडे होता. नेहमीच्या सवयीने धक्क्याच्या दहा मिनिटे आधी मी कोळसा थांबवला, हवेची झडप आवळली, बॉयलरला पाणी दिले आणि काटा हळूहळू उतरताना पाहून मनात समाधान मानले. मग घंटा वाजली, बोट मंदावली. पुन्हा वाजली, एक इंजिन पुढे आणि दुसरे मागे फिरू लागले, कारण पाण्याखाली दोन पंखे असलेल्या या बोटीला जागच्या जागी वळवण्याची हीच रीत आहे. वाऱ्याने तिला धक्क्यापासून दूर लोटले. तिसरी घंटा पूर्ण वेगाने मागे जाण्याची होती. कप्तान बोट पुन्हा मोकळ्या पाण्यात नेऊन नव्याने वळवणार होते, आणि त्यासाठी लागणारी वाफ माझ्या बॉयलरमध्ये नव्हती.

मी घाबरून फावडे भरभरून कोळसा ढकलू लागलो. शेजारच्या ज्येष्ठ आगवाल्याने माझा हात धरला. "इतका टाकशील तर आग मरेल," एवढेच तो म्हणाला. त्याने माझ्या भट्टीचे दार उघडून सळईने निखारे सैल केले, हवेची झडप उघडली, आणि पातळ थर पसरून दार चटकन लावले. त्याच्या स्वतःच्या भट्टीत मागच्या बाजूला धगधगीत निखाऱ्यांचा जाड पट्टा शिल्लक होता; वारा वाढल्याचे त्याने हेलकाव्यांवरून ओळखले होते आणि आग पूर्ण उतरवलीच नव्हती. ती दोन-तीन मिनिटे इंजिने त्याच्याच वाफेवर चालली. वरच्या कठड्यावरून प्रवासी इंजिनाच्या दांड्यांची ती संथ, तालबद्ध हालचाल कौतुकाने पाहत होते, आणि मी केवळ दाबमापकाकडे पाहत होतो. काटा आधी थांबला, मग रेसभर वर सरकला. दुसऱ्या खेपेस बोट धक्क्याला लागली.

संध्याकाळी राख काढताना त्याने मला एकच प्रश्न विचारला, की वॉल्टर पीकहून निघताना पायाखालची बोट कशी डोलत होती. मला सांगता आले नाही. दुसऱ्या दिवसापासून पहिले फावडे उचलण्याआधी मी क्षणभर स्थिर उभा राहून बोटीचा डोल पायांनी पाहू लागलो.