बाईंचा शेरा

स्मरणिकेसाठी चार ओळी लिहा, असं शाळेचं पत्र आलं आणि आधी बाई आठवल्या. आपल्या शाळेत बाई अनेक; पण नुसतं 'बाई' म्हटलं की मराठीच्याच.

जून १९८३. आम्ही आठवीत. गिरण्यांच्या संपाला दीड वर्ष होत आलेलं, वडील घरीच. बाईंनी निबंध दिला: 'मी पाहिलेला सामना'. मी १८ जूनचा भारत-झिंबाब्वे लिहिला. १७ धावांत ५ बाद, मग कपिलच्या नाबाद १७५. किरमाणी समोर बॅट काखेत धरून कसा उभा होता, तेसुद्धा. बाईंनी १० पैकी ९ गुण दिले आणि खाली लाल शाईत शेरा मारला: 'सुरेख. पण पाहिलास कुठे?'

पाहिला नव्हताच. त्या सामन्याचं चित्रीकरणच झालं नाही; बीबीसीत संप होता म्हणतात. (तिथेही संप!) मी वाचनालयात पेपर वाचला होता. त्या वाचनालयाच्या जागी आता टॉवरचं पार्किंग आहे. तरी ती खेळी आजही मला दिसते, चाळीतल्या टीव्हीवर, पडद्यावरच्या मुंग्यांसकट. २५ जूनची फायनल शेजाऱ्यांच्या दारात, चपलांच्या ढिगात उभं राहून पाहिली, तीच हिच्यावर चढली असणार.

बाईंनी मधल्या सुट्टीत बोलावलं. ओरडल्या नाहीत. "निबंधात चालतं रे, साक्षीत नाही चालत," एवढंच म्हणाल्या. गेली तीस वर्षं मी सत्र न्यायालयात लघुलेखक आहे, रोज साक्षी टिपतो. माझं शुद्धलेखन साहेब वाखाणतात, ते सगळं बाईंचं. पण ते वाक्य त्या खरंच बोलल्या, की नोकरी लागल्यावर मीच त्यांच्या तोंडी घातलं, हे मला शपथेवर सांगता येणार नाही.

त्यात परवा बाकावरच्या मित्राला फोन केला, तर तो म्हणतो, "अरे, तो निबंध माझा! आणि शाई हिरवी होती." वही दाखवावी तर २६ जुलै २००५ला हिंदमात्याच्या पाण्यात तिचा लगदा झाला.

शेवटी बाईंकडेच गेलो. हल्ली लेकीकडे डोंबिवलीला असतात. चहा येईपर्यंत त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"त्या वर्षी तुमच्या वर्गात अकरा जणांनी तो सामना पाहिला होता," बाई म्हणाल्या. "आणि शेरा मी शिसपेन्सिलीनेच लिहायचे. पोरांच्या वहीत शाई मला कधी आवडली नाही."