राजाचे रिकामे हात

रविवार, रात्री उशिरा

ऊन इतकं की दुपारी गच्चीवर पाय ठेववेना. खिडक्या लावून घेतल्या आणि काकांसोबत 'अयोध्येचा राजा', म्हणजे पहिला मराठी बोलपट, पाहिला. पुतण्या थोडा वेळ बसला, मग धाकट्याला म्हणाला, "सगळे पाठांतर म्हणून दाखवायलेत बे," आणि दोघं पसार झाले.

तो अगदीच चुकीचं बोलला नाही. संवाद नाटकी आहेत, माणसं ठोकळ्यासारखी उभी राहतात. पण मी हललो नाही, ते राजा हरिश्चंद्रामुळं. ते काम केलंय गोविंदराव टेंब्यांनी. दुर्गा खोट्यांची तारामती अजून लोकांच्या लक्षात आहे, प्रभात कंपनीचं आणि दिग्दर्शक शांतारामबापूंचं नाव तर आहेच. राजा कोण होता विचारलं तर बहुतेक जण गप्प. संगीतही त्याच राजाचं, हे तर त्याहून कमी जणांना माहीत.

चित्रपट फेब्रुवारी १९३२चा. त्याच्या आदल्या वर्षीच्या जानेवारीत, १९३१ साली, आमच्या सोलापूरचे चौघं स्वातंत्र्यलढ्यात फासावर गेले होते. त्यांच्या पुतळ्यांच्या चौकात, चार पुतळ्यापाशी, रोज जाणं-येणं असतं, पण त्या तारखेनंतर तेरा महिन्यांत मराठी पडदा बोलायला लागला, हे आज पाहतानाच डोक्यात आलं. असो.

टेंबे तेव्हा पन्नाशीचे होते. जन्म १८८१चा, कोल्हापूरकडचा. गायक भास्करबुवा बखल्यांना पेटीची साथ करणारे, 'मानापमान' या संगीत नाटकाला १९११ साली चाली देणारे, पुढं बालगंधर्व आणि गणपतराव बोडसांबरोबर गंधर्व नाटक मंडळी काढणारे. म्हणजे एवढं सगळं झाल्यावर हा माणूस पहिल्यांदा बोलपटाच्या मायक्रोफोनपुढं उभा राहिला. पार्श्वगायन आपल्याकडं आलं १९३५मध्ये. त्याआधी पडद्यावर दिसेल त्यानंच गायचं, तेही चित्रण चालू असतानाच. वादक कॅमेऱ्याला दिसणार नाहीत अशा बेतानं आडोशाला बसायचे. त्यात कुणी खोकलं तरी सगळं पहिल्यापासून. वर चित्रपट मराठी आणि हिंदी असा दोन्ही भाषांत एकदमच काढलेला, त्यामुळं राजाला सगळं दोनदा बोलायचं आणि दोनदा गायचं.

नाटकात पद रंगलं की वन्स मोअर यायचा, नट आणखी चार जागा घ्यायचा. इथं समोर प्रेक्षकच नाही, आणि फिल्म संपत आलेली. गाणं आखडतं घ्यावं लागलं. काही ठिकाणी तान निघते न निघते तोच आवरलेली वाटते. मला तरी तसं ऐकू आलं. काका म्हणाले, "तुला सगळीकडं कात्रीच दिसती."

मी मात्र त्यांचे हात बघत होतो. जन्मभर एक हात भात्यावर आणि दुसरा पट्ट्यांवर असलेला माणूस, आणि राजाच्या वेषात हात रिकामे. ते कुठं ठेवावेत हे कळत नसल्यासारखं सारखं वाटत राहिलं. नट म्हणून मी त्यांना फार वरचा नंबर देणार नाही. चेहरा कमी हलतो. गायला लागले की मात्र तोच चेहरा सैल पडतो, आणि मग अभिनयाची उणीव जाणवत नाही.

त्याच वर्षी 'माया मच्छिंद्र'मध्ये मच्छिंद्रनाथही तेच आणि संगीतही त्यांचंच. १९३३मध्ये 'सिंहगड' आणि 'सैरंध्री'चं संगीत. मग प्रभात कोल्हापूर सोडून पुण्याला गेली, आणि १९३४च्या 'अमृतमंथन'पासून तिथं संगीताला केशवराव भोळे आले. भोळ्यांचं संगीत पडद्याला जास्त शोभतं, हे मी काकांपुढं बोललो आणि संध्याकाळचा चहा गार झाला.

काकांचा राग खरं तर भोळ्यांवर नाही, रेडिओवर आहे. टेंबे नुसते साथीदार नव्हते. पेटी एकटीनं मैफल करू शकते हे ज्यांनी वाजवून दाखवलं, त्यांतले ते एक. आणि त्यांच्या डोळ्यांदेखत १९४० साली ऑल इंडिया रेडिओनं पेटीलाच बंदी घातली. तिचे सूर ठरलेले, मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर न तुटता घसरत जाणं, तिच्यातून निघत नाही, म्हणून. १९५५मध्ये टेंबे गेले, तेव्हाही बंदी कायम होती.

काकांच्या पेटीचा भाता दोन ठिकाणी फुटलाय आणि काळी दोन दाबली की बाजूचा सूरही कण्हतो. तरी तीच पुढं ओढून त्यांनी मला मींड काढून दाखवायचा चंग बांधला. निघाली नाही. मी हसलो, तसे म्हणाले, "भाता फुटलाय म्हणून. रेडिओवाल्यांना काय कळतंय बे पेटीतलं."