तुम्ही विचारलंत म्हणून: हे सगळं मतांसाठीच ना?

कधी हसत, कधी तोंडावर, कधी माझ्या जावेला बाजारात गाठून तुम्ही विचारता, "वहिनी मदतीचं एवढं करतात ते साहेबांच्या मतांसाठीच ना?" २०१९ ला तिवऱ्याचं धरण फुटलं तेव्हा विचारलंत, पुढच्या वर्षी निसर्ग वादळात दापोलीकडे घरांवरचे पत्रे उडाले तेव्हाही विचारलंत. आजवर मी विषय बदलत आले. आता एकदा सांगून टाकते.

मतं मिळत असतील. ह्यांना मिळतात, मला नाकारता येणार नाही. पण मी घरात बसून राहिले असते तर "साहेबांच्या मिसेस उंबऱ्याबाहेर पडत नाहीत" हेही तुम्हीच म्हणाला असतात.

२२ जुलै २०२१, चिपळूणचा पूर. वाशिष्ठी, शिवनदी, भरती, कोळकेवाडी धरणाचं पाणी, कुणामुळे काय झालं हा वाद चिपळूणकरांना पाठ आहे, तो सोडते. पाणी ओसरल्यावर उरला चिखल. बाहेरून साड्या आणि बिस्किटं यायला लागली आणि इथे लोकांना हवी होती फावडी, घमेली, खराटे, फिनेल, गमबूट, बायकांना पॅड आणि चिखलात उतरणाऱ्यांना लेप्टोचा ताप होऊ नये म्हणून डॉक्सीसायक्लिनच्या गोळ्या. ती यादी मी केली, मुंबईच्या चाकरमान्यांना फोन करून साड्या थांबवल्या. भाडेकरूंचे पंचनामे राहून जात होते, कारण घर मालकाच्या नावावर आणि भाड्याचा कागद पुरात भिजलेला. त्यांच्यासाठी कार्यालयात जाऊन बसले. यातलं किती मतांसाठी होतं, ते तुम्हीच सांगा.

मुरादपूरकडच्या एका गल्लीतली आजी मात्र माझ्या डोक्यातून जात नाही. भिंतीवर पाण्याची रेघ स्विचबोर्डाच्याही वर. गादी दारात उभी करून ठेवलेली, तिच्यातून अजून पाणी झिरपत होतं. रेशनकार्डाची पानं सुटी करून तिने खिडकीच्या गजांत अडकवली होती. मी सामानाची पिशवी दिली. तिने ती खाली ठेवली, ओल्या हातांनी केस मागे सारले, डोक्यावर पदर घेतला, मग पिशवी उचलून छातीशी धरली आणि दारात, उजेडाकडे तोंड करून उभी राहिली. "काढा," म्हणाली. "तोंड दिसतंय ना?"

तिला कुणी उभं राहायला सांगितलं नव्हतं. आमच्या पोराने मोबाइल खिशातून काढलासुद्धा नव्हता. आमच्या आधी येऊन गेलेल्यांनी तिला शिकवलं होतं की तांदूळ असा मिळतो. सवयीने पोराने फोटो काढला. मी म्हटलं, "आजी, फोटो नको. पुसून टाक रे तो." तशी ती घाबरली. पिशवी आणखी घट्ट धरून म्हणाली, "मग सामान परत नेणार काय?"

मी नाही नाही म्हणत राहिले. तिचा विश्वास बसला नाही. आम्ही गल्लीच्या टोकाला जाईपर्यंत ती पिशवी खाली न ठेवता दारातच उभी होती.

त्या रात्री ह्यांच्याशी भांडले. देताना फोटो काढायचा नाही, पिशवीवर तुमचा चेहरा नको. हे शांतपणे म्हणाले, "फोटो पाठवला नाही तर मुंबईची मंडळं दुसरा ट्रक देणार नाहीत." ते खरं होतं, म्हणून जास्त राग आला.

लग्नाआधी मी शाळेत शिकवत होते. तेव्हाची मी आजही माझ्याशी वाद घालते: करायचं तर नाव न सांगता कर. तिला मी विचारते, नाव न सांगता जेसीबी कोण देणार होतं? त्या पुरात मी एका कार्यालयात नुसतं माझं नाव सांगून फोन केला, तर "बघतो" म्हणून ठेवून दिला. मग ह्यांचं नाव सांगितलं आणि संध्याकाळच्या आत गल्लीत मशीन उभं. तिचं यावर एकच म्हणणं: मग जिच्या नवऱ्याला कुणी ओळखत नाही, तिच्या गल्लीचं काय? याचं उत्तर मला अजून देता आलेलं नाही.

काहीजण प्रमिलाताई दंडवत्यांचा दाखला देतात. द्या. मधु दंडवते आपल्या राजापूरचे खासदार होते, प्रमिलाताई त्यांच्या पत्नी, पण ताईंची ओळख तेवढ्यावर थांबली नाही. आणीबाणीत नवरा बंगळूरच्या तुरुंगात आणि त्या येरवड्यात. महिला दक्षता समिती त्यांनी उभी केली, हुंड्याच्या प्रश्नावर त्या लढल्या, १९८० मध्ये मुंबईतून स्वतः लोकसभेवर निवडून आल्या. त्यांना कुणी "साहेबांच्या मिसेस" म्हणून बाजूला सारू शकलं नाही. पण त्या आधीपासूनच चळवळीतल्या होत्या. मी लग्न होऊन या घरात आले आणि मग या कामात आले. हा फरक मला छोटा वाटत नाही.

आता देताना फोटो नाही. ट्रक भरताना काढतो, तोच मंडळांना पाठवतो. एकदोन मंडळं त्यावरून तुटली. ह्यांचे कार्यकर्ते अजून कुरकुरतात, तर करू देत.

राहिला तुमचा दुसरा प्रश्न. २०११ पासून ग्रामपंचायत-नगरपालिकांत निम्म्या जागा बायकांच्या, मग वहिनी का उभ्या राहत नाहीत? घरातही विचारणा झाली आहे. माझं ठरलेलं नाही. उभी राहिले तर तुम्ही पुन्हा विचाराल, हे सगळं मतांसाठीच ना, आणि त्या वेळी मला नाही म्हणता येणार नाही.