प्लायमधला पॉप्लर

आज किचन ट्रॉल्यांसाठी प्लाय बघायला ठाण्यातल्या एका दुकानात गेले होते. काका म्हणाले, "ताई, गर्जन महाग पण जड. हा पॉप्लर, हलका. यमुनानगरचा माल." कडेने बघितलं तर थर फिक्कट, कच्च्या बटाट्याच्या कापांसारखे.

पॉप्लर म्हटलं की आपल्याला काश्मीरचे रस्ते आठवतात. पण पंजाब-हरियाणात (यमुनानगर हरियाणातलंच) शेतात लावतात तो मूळचा अमेरिकेचा, पॉप्युलस डेल्टॉइडिस. थंडीत पानं गाळतो, म्हणून खालच्या गव्हाला ऊन मिळतं. काय सोय आहे! मोनालिसाही कापडावर नाही, पॉप्लरच्या फळीवर रंगवलेली आहे. (काकांना हे सांगून पाहिलं. भाव तसूभरही हलला नाही.)

खरी गंमत पानात. देठ बाजूंनी चपटा असतो, त्यामुळे जराशी झुळूक आली तरी पान लटलटतं. युरोपातल्या एका जातीचं नावच ट्रेम्युला, थरथरणारी. आपल्या पिंपळालाही संस्कृतात चलदल म्हणतात आणि हिमालयातल्या पॉप्लरला तिकडचे लोक पहाडी पीपल. नातं मात्र शून्य. पिंपळ वड-उंबराच्या कुळातला, पॉप्लर वाळुंजाच्या, म्हणजे विलोच्या.

आणखी एक नमुना म्हणजे खाडीकाठचं भेंडीचं झाड, थेस्पेसिया पॉप्युल्निया. पानं पॉप्लरसारखी म्हणून हे नाव, कूळ मात्र जास्वंदीचं. भाजीची भेंडीही त्याच घरातली! फूल उमलतं पिवळं, आत गडद ठिपका, आणि कोमेजताना लालसर होतं.

ठाणे-ऐरोली भागात कुठे फुललेली दिसली तर फोटो टाका रे.