चाराण्यांचा क्ष

लेकीच्या सातवीच्या सराव पुस्तकात हे उदाहरण होतं : एका पिशवीत 25 पैशांची व 50 पैशांची मिळून 30 नाणी आहेत. एकूण रक्कम 11 रुपये असल्यास प्रत्येक प्रकारची नाणी किती?

तिने पेन्सिल खाली ठेवली. "बाबा, पंचवीस पैशांचं नाणं असतं?"

असायचं. 30 जून 2011 पासून पंचवीस पैसे आणि त्याखालची सगळी नाणी बाद झाली. लेक त्यानंतरची. पुस्तकवाल्यापर्यंत बातमी अजून पोचलेली दिसत नाही.

पण मला लहानपणापासून छळणारा प्रश्न वेगळाच. पिशवीत 30 नाणी आहेत आणि ती 11 रुपयांची आहेत, हे ज्याला ठाऊक आहे त्याने ती कशी मोजली? डोळे मिटून? मोजताना चाराणे कुठले, आठाणे कुठले, हे दिसलं नाही का? आणि दिसलं असेल तर मला कशाला विचारतोय?

अण्णांची पिठाची गिरणी होती. रात्री गिरणी थांबली की गल्ल्याचा डबा पोत्यावर उपडा व्हायचा. नाणी पिठाने माखलेली, एकमेकांना चिकटलेली. अण्णा अंगठ्याने पुसून थप्प्या लावायचे, चाराण्यांची चारांची, आठाण्यांची दोनांची. प्रत्येक थप्पी एक रुपया. मग नुसत्या थप्प्या मोजायच्या. उचलल्यावर पोत्यावर पिठाची गोल वर्तुळं उरायची, ती मी बोटाने पुसायचो.

शाळेत मात्र सर म्हणाले, चाराण्यांची संख्या क्ष मानू. मी मानली. 25 क्ष अधिक 50 गुणिले (30 वजा क्ष), बरोबर 11. डावीकडे पैसे, उजवीकडे रुपये. उत्तर आलं 59.56. तीस नाण्यांच्या पिशवीत साडेएकोणसाठ चाराणे, वर थोडा चुरा! आठाणे अर्थात उणे. सरांनी लाल शाईने फक्त एक भलंमोठं उद्गारचिन्ह काढलं. दुसऱ्या कुठल्या शेऱ्याची गरजही नव्हती.

रात्री वही अण्णांपुढे धरली. त्यांनी क्षकडे बघितलंही नाही. "समज, सगळे चाराणेच आहेत. तीस चाराणे म्हणजे साडेसात रुपये. अकराला कमी पडले साडेतीन. आता एक चाराणा काढून तिथे आठाणा ठेवला की चाराणे वाढतात. साडेतीन रुपयांत चाराणे किती?"

"चौदा."

"मग चौदा आठाणे, बाकीचे सोळा चाराणे. झालं." आणि पुढे, हात झटकत, "पण नाणी कोण मोजतं रे? पैसे मोजतात."

अण्णांचं बालपण आण्यांत गेलेलं. 1 एप्रिल 1957 ला रुपयाचे शंभर नये पैसे झाले, तेव्हा एका आण्याचे सव्वासहा आले. आता सव्वासहा पैसे कोण कुणाला देणार? पण चार आणे बरोबर पंचवीस, आठ आणे बरोबर पन्नास. म्हणून आणा गेला तरी चाराणे-आठाणे तोंडात टिकले. "चाराण्याची कोंबडी आणि बाराण्याचा मसाला" म्हणणाऱ्या कुणाच्या खिशात तरी आता आणा असतो?

लेकीने क्ष मानूनच सोडवलं, पैसे-रुपये न चुकवता. मग मी माळ्यावरून अण्णांचा डबा काढला. बँकेत बदलून द्यायचे राहून गेलेले चाराणे त्यात होते. पीठ कधीच गेलेलं, वास मात्र अजून थोडा.

"गेंडा!" ती ओरडली. स्टीलच्या चाराण्यावर गेंडा असतो हे मी विसरूनच गेलो होतो.

तिने सगळे जमिनीवर ओतले आणि एकेक बाजूला सारत मोजायला लागली. थप्प्या नाहीत, काही नाही.

"सदतीस," ती म्हणाली.

"म्हणजे किती रुपये?"

"रुपये कसले बाबा? सदतीस गेंडे."